नऊशे सतरा

राग आला की तो आधी दुसऱ्यावर काढायचा, ही माझी लहानपणापासूनची शिस्त आहे. स्वतःकडे वळायला मला वेळ लागतो. कधी पाच मिनिटं, कधी पाच वर्षं. त्या रविवारी साधारण अर्धा तास लागला. तेवढ्या अर्ध्या तासात मी आमच्या पेणच्या घराच्या ओटीवर उभा राहून एका अज्ञात गाढवाला इतक्या शिव्या दिल्या, की शेजारच्या कारखान्यात गणपतीच्या मूर्ती घासत बसलेल्या बाया हात थांबवून ऐकायला लागल्या. एकीने दुसरीला विचारलंही, "कोणाला गो बोलतात एवढं?"

ते गाढव कोण, हे सांगायच्या आधी मी कोण ते सांगायला हवं. त्या वेळी मी कुलगुरू होतो.

हे वाक्य लिहिताना मला अजून थोडं हसू येतं. घरात शेतजमीन होती, पण वडील शाळामास्तर, काका शाळामास्तर, आत्याही शाळेत. मी मास्तर होणार हे ठरलेलंच होतं, कशाचा एवढंच बाकी होतं. रसायनशास्त्राच्या प्रयोगशाळेत पहिल्याच दिवशी वास सहन न होऊन मी बेसिनमध्ये ओकलो, म्हणून भौतिकशास्त्र घेतलं. लोक मुलाखतीत विचारतात, "विश्वाच्या गूढाचं आकर्षण केव्हापासून?" मी आदराने आकाशाकडे बघतो. बेसिनचं कुणाला सांगत नाही.

एम.एस्सी. झाल्यावर रोह्याच्या कॉलेजात लागलो. अकरा वर्षं पेण–रोहा, रोहा–पेण. मग पीएच.डी., मग विद्यापीठातला विभाग, मग विभागप्रमुख, कारण त्या वर्षी दुसरं कुणी व्हायला तयार नव्हतं. मग अधिष्ठाता. कुलगुरूपदाच्या मुलाखतीत एका सदस्याने विचारलं, "विद्यापीठासाठी तुमचं स्वप्न काय?" मी म्हणालो, "सध्या झोपच नीट लागत नाही, स्वप्नापर्यंत पोहोचत नाही." अध्यक्ष मनापासून हसले. बाकीच्या उमेदवारांनी म्हणे प्रत्येकी वीस वीस मिनिटं स्वप्नं सांगितली होती. माझी निवड होण्याचं दुसरं कारण मला आजवर सापडलेलं नाही.

रुजू व्हायला गेलो त्या दिवशी कुलगुरूंच्या दालनाबाहेर पाहुण्यांच्या बाकावर जाऊन बसलो आणि शिपायाला विचारलं, "साहेब कधी येतील?" तो म्हणाला, "नवीन आहेत, काही सांगता येत नाही." आम्ही दोघं वीस मिनिटं माझी वाट बघत बसलो.

पुढची वर्षं मी रांगोळ्या ओलांडण्यात, झाडं लावण्यात आणि आधीच लावलेली झाडं पुन्हा लावण्यात घालवली. सह्या तर इतक्या केल्या, की बायको म्हणायची, "घरी किराणाच्या यादीवर तरी सही नका करू." भौतिकशास्त्राशी संबंध उरला तो भाषणापुरता. भाषण मात्र कडक. विद्यार्थ्यांच्या जर्नलमधले आकडे खोटे असतात, सगळ्यांचं उत्तर सारखंच येतं, ही विज्ञानाची विटंबना आहे, असं मी दर दुसऱ्या व्यासपीठावर तावातावाने बोलायचो. टाळ्या पडायच्या.

आता या विटंबनेचं मला एवढं सविस्तर ज्ञान कुठून, तर मी त्यातला जुना कारागीर. जे सायन्सला गेले नाहीत त्यांच्यासाठी सांगतो. लंबकाचा एक प्रयोग असतो. लंबकाची लांबी मोजायची, वीस झोके किती सेकंदांत होतात ते मोजायचं, आणि त्यावरून पृथ्वी वस्तूला किती जोराने खेचते तो आकडा काढायचा. आकडा पुस्तकात छापलेला आहे: नऊशे ऐंशी. माझा पहिल्यांदा अकराशे पंधरा आला. सर म्हणाले, "हा नेपच्यूनवर राहतो वाटतं," आणि वर्गात वर्षभर माझं तेच नाव पडलं. तेव्हा एका सिनियरने मला दीक्षा दिली. आधी नऊशे ऐंशी लिहायचं. त्यावरून उलटं गणित करून झोक्यांचा वेळ काढायचा. आणि मग, हे खरं कसब, त्यात थोडी थोडी चूक घालायची. एक झोका जरा जास्त, एक जरा कमी. "अगदी बरोबर आलं तर खोटं वाटतं रे," तो म्हणाला. पुढे रोह्याला शिकवायला लागलो तेव्हा, गाडीची वेळ झाली की मीही मुलांना सांगायचो, "नऊशे त्र्याहत्तर लिहा, बरं दिसतं." हे सगळं मी भाषणात सांगत नसे.

तर तो रविवार. एप्रिल संपत आला होता, परीक्षा तोंडावर. मी सुट्टीला पेणला आलो होतो. सकाळी अकराच्या सुमाराला रोह्याहून एसटीने मामा आले. मामा म्हणजे कॉलेजच्या भौतिकशास्त्र प्रयोगशाळेतले परिचर. राहायला रोह्याजवळच वरशाला. मी पहिल्यांदा वर्गावर गेलो तेव्हा खडू कुठे असतो हे त्यांनी दाखवलं होतं. तेव्हापासून मुलंही त्यांना मामा म्हणायची आणि मीही. ते निवृत्त होऊन दोन वर्षं झाली होती, पण त्यांची जागा भरलीच नव्हती, म्हणून ते अजून रोज सकाळी जाऊन कपाटं उघडायचे, कुणी बोलावलं नसताना. शासनाने कधी तरी या माणसाच्या पायावर डोकं ठेवायला हवं. शासन बायोमेट्रिक मशीन बसवतं.

मामांनी पिशवीतून एक जर्नल काढलं. "सर, ह्या बघा जरा."

तिसऱ्या वर्षाच्या एका मुलीचं जर्नल होतं. लोखंडी दांडीच्या लंबकाचा प्रयोग. अक्षर बारीक, आकडे सरळ रांगेत. उत्तर होतं नऊशे सतरा. त्याखाली तिने लिहिलं होतं: "प्रयोगशाळेतले घड्याळ मोबाइलशी चार वेळा ताडून पाहिले. घड्याळ एका मिनिटाला बासष्ट सेकंद दाखवते. हा फरक धरून दुरुस्त उत्तर: नऊशे एकोणऐंशी."

मी ते दोनदा वाचलं. मग खुर्ची ओढून बसलो आणि तिसऱ्यांदा वाचलं. जवळजवळ चाळीस वर्षं मी या धंद्यात आहे, हजारो जर्नलं तपासली, आणि त्यातल्या एकातही कुणी घड्याळ तपासलेलं नव्हतं. मीही नाही.

पानावर लाल शाईची तिरकी रेघ होती आणि शेरा: "परिपत्रकानुसार अग्राह्य. प्रमाणित करता येत नाही."

"म्हणजे काय?" मी विचारलं.

"म्हंजे म्याडमनी सही नाय केली. सही नाय तर जर्नल नाय, जर्नल नाय तर प्रॅक्टिकलला बसू देत नाय. वर्ष गेला. आन नापासाला होस्टेलात ठेवत नाय. पोर खांबकडच्या कातकरीवाडीची हाय सर. होस्टेल गेला की ती परत नाय येनार."

"मॅडमना अक्कल आहे की नाही?"

"म्याडम तासाच्या पगारावर हायेत. परिपत्रक मोडला तर पुढल्या वर्षी घेतील काय त्यांना? रडत होत्या सही न करताना."

मग मी सुटलो. कोण हा परिपत्रकवाला? प्रयोगशाळेत कधी पाय ठेवलाय का त्याने? सगळ्या तालुक्यात एका पोरीने खरा प्रयोग केला आणि नेमकी तिलाच बाहेर काढायची? विद्यापीठ आहे की कसाईखाना? उद्याच्या उद्या या गाढवाला माझ्यासमोर उभा करतो! बायाबापड्या ऐकत होत्या हे मघाशी सांगितलंच. बायको दारात येऊन म्हणाली, "अहो, हळू."

मामांनी पिशवीत पुन्हा हात घातला आणि घडी केलेला एक कागद माझ्यासमोर ठेवला. मग कागदाच्या खालच्या टोकाला बोट लावलं.

सही माझी होती. पुरेशी ऐटबाज, शेवटी शेपटी असलेली.

"हो का," मी म्हणालो. मग म्हणालो, "सह्या फार असतात मामा. न वाचता झाली असेल."

"व्हय, असल," मामा म्हणाले आणि चहा प्यायला लागले. त्यांच्या त्या "असल"मध्ये काय काय होतं ते मी विचारलं नाही.

सोमवारी विद्यापीठात पोहोचल्या पोहोचल्या मी कुलसचिवांना बोलावलं. कुलसचिव म्हणजे विद्यापीठाच्या कारभाराचा खरा मालक. कुलगुरू येतात-जातात, फाइल कुठे आहे हे त्यांनाच ठाऊक असतं. हे गृहस्थ अतिशय सभ्य. आवाज चढवत नसत, फक्त चष्मा काढत.

"हे परिपत्रक कुणी तयार केलं?" मी दरडावलं.

त्यांनी फाइल मागवली. परीक्षा सुधार समितीचा मसुदा होता. समितीने एवढंच लिहिलं होतं, की छापील उत्तरापासून पाच टक्क्यांहून जास्त फरक असेल तर शिक्षकाने प्रयोग पुन्हा करून घ्यावा. वाईट नव्हतं. त्यातून निदान प्रयोग तरी झाला असता. पण मसुद्याच्या समासात हिरव्या शाईने एक वाक्य वाढवलं होतं: "विद्यार्थ्याने मागाहून दुरुस्त केलेले आकडे कोणत्याही कारणास्तव ग्राह्य धरू नयेत व असे जर्नल प्रमाणित करू नये."

आमच्या विद्यापीठात हिरवी शाई फक्त कुलगुरू वापरतात.

"फार कडक आणि योग्य कलम आहे, असं सगळे म्हणाले होते," कुलसचिव म्हणाले. "आपण तेव्हा नुकतेच जर्नलवरचं भाषण करून आला होतात."

म्हणजे मी न वाचता सही केलेली नव्हती. वाचून, आवडून, स्वतःच्या हाताने विष कालवून केली होती. खोटे आकडे बंद करायला निघालो आणि खोट्याला कुठेच अडवलं नाही. खोट्याचं उत्तर मुळातच नऊशे ऐंशी असतं, त्याला दुरुस्ती लागतच नाही. माझ्या कलमात अडकू शकणारा माणूस एकच: ज्याने खरं मोजलं, चूक शोधली आणि लिहून ठेवली. असा माणूस मी इतकी वर्षं भाषणांत शोधत होतो. तो सापडला आणि पहिल्याच झटक्यात मी त्याला प्रयोगशाळेबाहेर काढलं.

"कलम रद्द करा," मी म्हणालो.

कुलसचिवांनी चष्मा काढला. "विद्या परिषदेने मंजूर केलंय, साहेब. परिषदेतच रद्द होईल. पुढची बैठक जूनमध्ये."

"परीक्षा गुरुवारी आहे."

"होय साहेब."

"तातडीच्या वेळी कुलगुरूला एकट्याने निर्णय घेता येतो ना? मागाहून परिषदेला कळवायचं?"

"येतो. पण तातडी म्हणजे पूर, दंगल, पेपर फुटणं. एका विद्यार्थिनीचं जर्नल…" त्यांनी वाक्य सोडून दिलं. "आणि मग आपल्याच सहीविरुद्ध आपलीच सही. परिषदेत लोक विचारतील. आपली मुदत संपायला वर्षही राहिलेलं नाही. वर्तमानपत्रं आहेत." मग अगदी मऊ आवाजात, "सोपा मार्ग आहे ना साहेब. दोन दिवस आहेत. मुलीला सांगा, ते पान नव्याने लिही. नऊशे सत्तर-पंचाहत्तर. सगळे तेच करतात."

मी काय करायला हवं होतं ते वाचणाऱ्याला कळलंच असेल. मलाही कळलं होतं. पण वर्तमानपत्र हा शब्द ऐकला आणि उद्याचा मथळा मला दिसायला लागला. मी म्हणालो, "मी स्वतः जाऊन सांगतो तिला." जणू स्वतः जाण्याने लबाडीला पुण्य लागतं.

मंगळवारी गाडी काढली. वडखळ, नागोठणे, मग खांब. त्या महामार्गाचं काम सुरू झालं तेव्हा माझे सगळे केस काळे होते. त्यावर बोलायला लागलो तर हा लेख तिथेच संपेल. खांबला मामा थांबले होते. डांबरी सोडून आत गेलो, पुढे पायवाट. कुलगुरूची पाटी लावलेली गाडी आंब्याखाली उभी केली आणि चालत निघालो. घामाने सदरा पाठीला चिकटलेला.

मुलीची आई अंगणात पळसाच्या पानांचे द्रोण करत बसली होती. पुढ्यात करवंदांची पाटी. सडकेवर नेऊन विकायची असणार. तिने मला खालपासून वरपर्यंत पाहिलं आणि मामांना विचारलं, "घरकुलाचा यादीवाला हाय काय?"

"नाय गो, सगल्यात मोठं साहेब हायेत कालेजातलं."

"यादीवालाही तसाच सांगतो," ती म्हणाली. "बसा. फोटो नाय काढायचा."

मुलगी आतून आली. सडपातळ, केस घट्ट बांधलेले, हातात मोबाइल. मला बघून दचकली नाही. माझा फोटो कॉलेजच्या कचेरीत टांगलेला असतो. बहुधा फोटोतला माणूस इतका घामाघूम बघून तिला विश्वास बसला नसावा. मामांनी जर्नल तिच्या हातात दिलं.

मी घसा साफ केला. आधी कौतुक केलं. मग परीक्षेचं महत्त्व सांगितलं. मग व्यवहार. मग म्हणालो, "हे पान तेवढं नव्याने लिहून काढ. मॅडम सही करतील, मी बोललोय."

"कोणता आकडा लिहू, सर?"

"नऊशे ऐंशीच्या आसपास."

"आसपास म्हंजे?"

माझ्या तोंडून आपोआप निघालं, "नऊशे त्र्याहत्तर. बरं दिसतं."

तिने मोबाइलवर गणित केलं. तिलाही उलटं करता येत होतं, आणि माझ्याहून पटकन. "मग वीस झोक्यांचा टाइम इतका येतो. त्यात थोडा इकडंतिकडं करू?"

"कर."

"आन घड्याळाचा लिहिलाय तो? काढू?"

"काढ."

तिने पेन उघडलं. मग थांबली. रागाने नाही, काही तरी हिशेब लागत नसल्यासारखी. "सर, मग तुम्ही खाली एक ओळ लिहून द्याल काय? घड्याळ बरोबर हाय म्हणून. सही करून."

"ती कशाला?"

"पुढल्या वर्षी दुसऱ्या कोणाचा नऊशे सतरा आला तर म्याडम बोलतील, गेल्या वर्षी सगळ्यांचा बरोबर आलावता, तुलाच मोजता येत नाय. तवा तुमची सही दाखवता येईल ना. मी लिहिला तर कोण मानणार? तुमचा मानतील."

हे तिने टोमणा म्हणून म्हटलं नाही. टोमणा असता तर मी परतवला असता, आयुष्यभर तेच केलंय. तिला खरोखर एक कागद हवा होता, पुढच्या मुलीसाठी. मी पेन घेतलं. हिरवं. जर्नल मांडीवर ठेवलं. "प्रयोगशाळेतील घड्याळ" इथपर्यंत लिहिलं आणि हात थांबला.

आई बराच वेळ बघत होती. शेवटी तिला राहवलं नाही. "सही कराय एवढा येळ लागतो काय ओ? आमचा अंगठा तर पटकन उठतो."

मामा खाली बघून हसले. मला हसू आलं नाही. मला जो संताप आला तो या वेळी दुसऱ्या कुणावर काढायला जागाच नव्हती. एक पाटी करवंदं, एक बाई, एक पोरगी, एक निवृत्त शिपाई, आणि मी. वाक्य पुरं करायचं तर "बरोबर आहे" लिहायचं, आणि ते लिहिणं मला शक्य नव्हतं. मी मोठा सत्यवादी होतो म्हणून नाही. अशी किती तरी वाक्यं मी लिहून बसलो होतो. पण ती सगळी अशा लोकांसमोर, ज्यांना ती खोटी आहेत हे माहीत होतं. इथे समोरची पोरगी ते वाक्य खरं म्हणून जपून ठेवणार होती.

"चल," मी म्हणालो, "आधी घड्याळ बघू."

आम्ही तिघं कोलाडवरून रोह्याला गेलो. आईने गाडीत द्रोणभर करवंदं दिली. वर म्हणाली, "संध्याकाळला पोरीला सोडा परत. ती नाय आली तर मी कालेजात येईन." ती आली असती.

प्रयोगशाळेत तोच जुना वास, पॉलिशचा आणि धुळीचा. मामांनी कपाटातून घड्याळ काढलं, किल्ली दिली. मुलीने मोबाइल लावला. मी स्वतः मोजलं. बासष्ट. पुन्हा मोजलं, बासष्ट. तिसऱ्यांदा मी गडबडीत उशिरा दाबलं आणि चौसष्ट आलं. मुलगी म्हणाली, "सर, तुमचा हात हालला. परत घ्या." परत घेतलं. बासष्ट.

"किती वर्षं असं आहे हे?" मी मामांना विचारलं.

"दुरुस्तीचा अर्ज दरवर्षी देतो. पन सगळ्यांचा नऊशे ऐंशी येतो म्हंजे घड्याळ बरोबर हाय, असा कचेरी बोलते."

यावर मी त्या रिकाम्या प्रयोगशाळेत जे बोललो ते छापण्यासारखं नाही. मुलगी खिडकीबाहेर बघत उभी राहिली, मामांनी घड्याळ पुसल्यासारखं केलं.

मग प्रयोगाच्या टेबलावर बसून मी कोऱ्या कागदावर आदेश लिहिला. तातडीच्या अधिकारात: अमुक परिपत्रकातलं शेवटचं कलम रद्द, ते माझ्या हातून चुकीने घातलं गेलं, ज्यांची जर्नलं या कारणाने अडली आहेत त्या सर्वांना परीक्षेस बसू द्यावं. हे "सर्वांना" लिहिताना मी मुलीकडे पाहिलं. ती म्हणाली, "आमच्या कालेजात तर मी एकटीच हाय." "दुसरीकडे असतील," मी म्हणालो. नव्हतं कुणी, हे नंतर कळलं. पाच जिल्ह्यांत एकटी.

कुलसचिवांना फोनवर वाचून दाखवला. पलीकडे चष्मा निघाला असणार.

"तातडीचं कारण काय लिहू, साहेब?"

"कुलगुरूची चूक गुरुवारच्या आत निस्तरणे."

"असं कारण आजवर कुणी दिलेलं नाही."

"चूक आजवर कुणी केलेली नाही का?"

"तसं नाही…" ते म्हणाले, आणि सभ्य माणूस, दोन तासांत आदेश सगळीकडे पाठवला. मॅडमनी बुधवारी सही केली. मामा म्हणाले, तेव्हाही रडत होत्या.

मुलगी परीक्षेला बसली. पास झाली. पण जर्नलच्या वीस गुणांपैकी बाहेरून आलेल्या परीक्षकांनी तिला नऊ दिले. लाल रेघ तशीच होती ना पानावर. त्यांना वाटलं काही तरी लफडं आहे, वरून आदेश आणलेली दिसते. नऊशे त्र्याहत्तरवाल्यांना अठरा-अठरा मिळाले. कुलगुरूने गुणांत हात घालायचा नसतो, आणि तो नियम योग्यच आहे, म्हणून मी घातला नाही. पण त्या नऊ गुणांवर मी आजही भर जेवणात ताट बाजूला सारून चिडतो. तिची वसतिगृहातली जागा टिकली. पुढे एम.एस्सी.ला गेली. आमच्या विद्यापीठात नाही, दुसऱ्या. तिच्या जागी मी असतो तर मीही तेच केलं असतं.

जूनमध्ये विद्या परिषद भरली. माझा आदेश समोर आला. दोन सदस्यांनी मनमानी म्हटलं, एकाने एका विद्यार्थिनीसाठी नियम वाकवल्याबद्दल खेद व्यक्त केला. मी उभा राहून सगळं सांगितलं. समासातलं वाक्य माझं, शाई माझी, घमेंड माझी. सभागृह अवघडून बसलं. लोकांना वाटलं मी राजीनामा देतोय. एक ज्येष्ठ प्राचार्य जवळ येऊन कुजबुजले, "साहेब, एवढं कशाला? आपलेच आहेत सगळे."

पंधरा दिवसांनी इतिवृत्त सहीला आलं. त्यात लिहिलं होतं: "कार्यालयीन अनवधानाने समाविष्ट झालेले कलम वगळण्यात आले."

मी ते परत पाठवलं. लिहिलं: "कार्यालयीन अनवधान नव्हे. कुलगुरूंनी विचारपूर्वक घातले व चुकीचे घातले, असे नमूद करावे." ते तसंच्या तसं परत आलं. मी पुन्हा पाठवलं. तिसऱ्या वेळी कुलसचिव स्वतः आले.

"साहेब, तसं लिहिता येत नाही."

"का? घडलं तसंच आहे."

"घडलं तसंच आहे. पण कुलगुरूंची चूक असं इतिवृत्तात लिहिण्याचा प्रघात नाही. पुढच्यांना अडचण होईल."

"आणि कार्यालयात ज्याने टाइप केलं त्या बिचाऱ्याची चूक लिहिण्याचा प्रघात आहे?"

"कुणाचं नाव नाही घेतलेलं साहेब. अनवधान कुणाचंच नसतं."

मी सही केली नाही. उरलेले आठ महिने ते इतिवृत्त माझ्या टेबलावर पडून होतं. येणाऱ्या-जाणाऱ्या पाहुण्यांचा चहा त्यावर ठेवला जायचा. मी गेलो त्याच्या दुसऱ्या आठवड्यात नव्या कुलगुरूंनी त्यावर सही केली. तक्रार नाही, त्यांच्यासमोर फाइलींचा ढीग होता. पण आता विद्यापीठाच्या दप्तरात त्या मुलीचं वर्ष जवळजवळ बुडवणारा कुणीच नाही. ते कलम आपोआप उगवलं आणि आपोआप गेलं.

ते उगवलं नव्हतं. मी ते लिहिलं, हिरव्या शाईने, दुपारी जेवून आल्यावर, चांगल्या मूडमध्ये असताना. लिहून झाल्यावर एकदा वाचलं आणि स्वतःवर खूश झालो होतो.